उजव्या कानातला खड्डा

सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी वाघजाई माळावरच्या विमानशाळेचे मुख्य प्रशिक्षक कॅप्टन हेरंब आठल्ये यांची श्रवणचाचणी संपली. यंत्रानं जो आलेख दिला त्यानुसार त्यांचा डावा कान बरा झाला होता आणि उजवा बिघडला होता.

आवाजानं गेलेला कान बरा होत नाही. थकलेला कान विश्रांतीनं थोडाफार सावरतो, पण आतल्या पेशी एकदा मेल्या की मेल्या. वर्षानुवर्षं गोंगाटात काम केलेल्या माणसाच्या आलेखात एका ठरावीक उंच स्वरापाशी रेघ खाली कोसळते आणि पुढे पुन्हा वर येते. आम्ही त्याला खड्डा म्हणतो. खड्डा खोल होतो, रुंद होतो. एका कानातून उठून दुसऱ्या कानात जात नाही.

आदल्या वर्षीचा आलेख माझ्यासमोर होता. तो माझ्या आधीच्या तंत्रज्ञानं काढलेला. त्यात खड्डा डाव्या कानात होता आणि उड्डाणासाठी ठरवलेल्या मर्यादेच्या अगदी काठावर होता. आणखी थोडा खोल गेला असता तर कॅप्टन आठल्यांचं उडणं तिथंच थांबलं असतं. आजचा खड्डा उजव्या कानात, आणि मर्यादेच्या चांगला आत. म्हणजे कॅप्टन पास.

मला त्याचा एकच अर्थ लागला. चाचणीच्या आवाजबंद खोक्यात बसलेला माणूस आठल्ये नव्हता.

हे फेब्रुवारी २०२१ मधलं. मी पुण्याच्या एका श्रवणतपासणी केंद्रात काम करत होते. टाळेबंदीत बंद पडलेली ही शाळा महिनाभरापूर्वी पुन्हा सुरू झाली होती. कधीकाळी साखर कारखाना असलेल्या माळावर एक धावपट्टी, एक हँगर, चार लहान विमानं. टेम्पोतून आणलेलं आमचं आवाजबंद खोकं कारखान्याच्या जुन्या काटाघरात, जिथं पूर्वी उसाच्या गाड्यांचं वजन व्हायचं, बसवलं होतं. माझं काम दोन प्रकारचं होतं: शिकवणाऱ्यांचे कान तपासायचे, आणि आवाजापासून कान कसे वाचवायचे ते सगळ्यांना शिकवायचं. मी तिथं पहिल्यांदाच गेले होते. कॅप्टन आठल्यांना मी कधी पाहिलं नव्हतं.

सकाळी जो माणूस आला त्याच्या तोंडावर डोळ्यांपर्यंत मास्क होता, डोक्यावर शाळेची निळी टोपी. ओळखपत्रावरचा फोटो वीस वर्षांपूर्वीचा.

"कॅप्टन आठल्ये?"

"हं."

एवढंच बोलणं झालं. एरवी हेडफोन मी स्वतः चढवते, पण त्या दिवसांत जवळ जायची मुभा नव्हती. मी दारातूनच सांगितलं, लाल कप उजव्या कानाला, निळा डाव्या. त्यानं मान हलवली. खुर्ची माझ्याकडे पाठ करून ठेवलेली असते, म्हणजे माझा हात कधी हलतो ते बसणाऱ्याला दिसत नाही. लाल-निळे ठिपके कपांवर पुढच्या बाजूला असतात, ते मागून दिसत नाहीत. आवाज ऐकू आला की हातातलं बटण दाबायचं. तो दाबत गेला. संपल्यावर त्यानं हेडफोन खुंटीला अडकवला आणि निघून गेला. 'पास का?' असं त्यानं विचारलं नाही. वैमानिक ते विचारल्याशिवाय जात नाहीत.

शाळेचे व्यवस्थापक सुहास बागल बाहेर चहा ओतत होते.

"बागल, आत्ता आत कोण आले होते?"

"कोण म्हणजे? सर."

"तुम्ही त्यांना आत जाताना पाहिलंत?"

"मी चहाचं बघत होतो मॅडम. पण वेळ सरांचीच होती ना?"

"त्यांना जरा परत बोलवा."

"सर वर गेले," बागल म्हणाले आणि माझा चेहरा पाहून घाईनं आकाशाकडे बोट केलं. "पोराला घेऊन. येतील अर्ध्या-पाऊण तासात."

मी वर्गात जाऊन बसले. टेबलावर काचेच्या बरणीत पिवळ्या स्पंजाच्या गोळ्या होत्या, कानात घालायच्या. आमच्याच केंद्रानं आदल्या वर्षी पाठवलेल्या. बरणी जवळजवळ भरलेली होती.

"वापरत नाही कोणी?"

"तीन-चार वापरल्या," बागल म्हणाले. "ती खिडकी फार खडखडायची."

खिडकीच्या फटीत खरंच चार पिवळ्या गोळ्या कोंबलेल्या होत्या.

"कानात का नाही घालत?"

"इथं कानात गोळी घातली की लोक म्हणतात, गेला ह्याचा कान." त्यांनी आवाज खाली आणला. "मॅडम, सरांचं काही अडलंय का? अडवू नका हो. परीक्षा घेऊन सही करायचा अधिकार इथं एकट्या सरांना आहे. ते बसले की सगळी पोरं बसली."

"निकम आहेत ना दुसरे?"

"निकमसाहेब नवे आहेत. ते येतात दहाला."

विमान उतरलं. पंखा थांबायच्या आत उजव्या दारातून एक उंच, सडसडीत माणूस उतरला. मास्क हनुवटीखाली. हेडफोनचा उजवा कप कानावर, डावा कप मागे सरकवून कवटीवर. विद्यार्थी दुसऱ्या बाजूनं उतरून जवळ आला तर हा माणूस इंजिनाच्या वरताण ओरडत होता.

"तुझा पाय घाबरतो, तू नाही घाबरत! पायाला समजाव!"

मी पुढे झाले. "कॅप्टन आठल्ये, सकाळी चाचणीला आपणच होतात का?"

"तुम्हीच घेतलीत ना?"

"मी एका मास्कची घेतली."

"मग मीही एका मास्कलाच दिली," ते म्हणाले आणि मोठ्यानं हसले.

मी दोन्ही आलेख त्यांना दाखवले. काय दिसतंय ते सांगितलं. ते हसायचे थांबले. आदल्या वर्षीचा कागद त्यांनी डोळ्यांजवळ नेऊन पुन्हा पाहिला.

"म्हणजे मी माझ्या जागी दुसऱ्या कोणाला तरी बसवलं."

"आलेख काय सांगतो ते मी सांगतेय."

"आलेखही तुमच्यासारखाच हळू बोलतो वाटतं." त्यांनी हँगरकडे तोंड करून हाक मारली. "निकम! इकडे ये. बाईंचं म्हणणं आहे की तू माझ्या कानांनी ऐकतोस!"

यशोदीप निकम आले. तीच उंची, तीच निळी टोपी, वयानं दहाएक वर्षांनी लहान. ते एका कंपनीची भाड्याची विमानं बरीच वर्षं उडवत होते. शिकवायला लागून तीन आठवडे झाले होते. हसावं की नाही, हे त्यांना ठरवता येत नव्हतं.

"मी मस्करी करत नाहीये," मी म्हणाले. "कॅप्टन निकम, सकाळी नऊला आपण कुठं होतात?"

"हँगरमध्ये. टायर बघत होतो."

मी बागलांकडे पाहिलं. बागल किटलीत पाहत होते.

"आज लवकर आले असतील," बागल किटलीलाच म्हणाले.

वर्गात बसून आम्ही बोललो. मी आठल्यांना विचारलं की डावा कप मागे का सरकवता.

"पोरगं डावीकडे बसतं. मी उजवीकडे. घाबरलं की आधी त्याचा श्वास बदलतो, हात नंतर बदलतात. हेडफोनच्या तारेतून श्वास येत नाही मॅडम. त्यासाठी एक कान उघडा लागतो."

"त्या कानात इंजिनही येतं."

"येऊ दे की. दोन वेळा त्या कानानं जीव वाचवलाय. माझा नाही, पोरांचा."

"म्हणजे शिकवणाऱ्याचा डावा कान जातो," मी म्हणाले. "मग डाव्या खुर्चीत बसून उडवणारा, शेजाऱ्याशी बोलायला कप सरकवणारा, त्याचा कोणता जाईल?"

"उजवा," निकम म्हणाले.

आठल्यांनी त्यांच्याकडे पाहिलं नाही. "पुन्हा घ्या चाचणी," ते मला म्हणाले. "आत्ताच."

"आत्ता नको. तुम्ही उडून आला आहात. कान थकलेला असतो, आहे त्याहून वाईट निघेल. रात्रभर शांत राहा, उद्या सकाळी घेऊ."

"उद्यापर्यंत ही गोष्ट माळभर होईल. आत्ता."

मी खोक्यातली खुर्ची फिरवून माझ्याकडे तोंड करून ठेवली. तशी रीत नाही, पण मला चेहरा पाहायचा होता. ते बसले, मास्क काढला, खुंटीवरचा हेडफोन घेतला आणि एका हातानं सराईतपणे चढवला. लाल ठिपका डाव्या कानावर होता.

मी दार उघडलं. "कॅप्टन, लाल कुठं आहे?"

"डावीकडे."

"लाल उजव्या कानाला, असं सांगितलं होतं सकाळी."

त्यांनी हेडफोन काढून पाहिला. मग काटाघराच्या खिडकीतून बाहेर बोट केलं. उभ्या विमानाच्या डाव्या पंखाच्या टोकाला लाल दिवा होता, उजव्याच्या टोकाला हिरवा.

"शिकाऊ होतो तेव्हापासून लाल माझ्या डाव्या हाताला आहे. तुम्ही सांगितलं असेल. मी हो म्हटलंही असेल. हाताला काय सांगणार?"

मला हलकं वाटलं, हे मान्य करायला हवं. सगळं जुळत होतं. माणूस तोच, हेडफोन उलटा. डाव्या कानातला खड्डा यंत्रानं उजव्याच्या नावावर लिहिला. इतक्या महिन्यांची शांतता मिळाल्यानं तो किंचित उथळही झाला असेल. मी त्यांना हेडफोन नीट घालायला लावला, बाहेर आले, आणि पहिला स्वर सोडला.

त्यांनी बटण दाबलं. उजव्या अंगठ्यानं.

मी दुसरा स्वर सोडायला थोडा वेळ घेतला. सकाळी पाठमोऱ्या माणसाचा हात खुर्चीच्या दांडीवर होता आणि बटणावरचा अंगठा मला मागून दिसत होता. तो डावा हात होता.

चाचणी पुरी केली. ते बाहेर आल्यावर मी सहज विचारावं तसं विचारलं, "बटण नेहमी उजव्याच हातात धरता?"

"रेडिओवर बोलायचं बटण हँडलवर असतं, अंगठ्याखाली. उजव्या खुर्चीत डावा हात इंजिनाच्या दांड्यावर, उजवा हँडलवर. तीच सवय."

"आणि डाव्या खुर्चीत?"

त्यांनी डाव्या हाताची मूठ हँडल धरल्यासारखी मिटली.

"उलट," ते म्हणाले.

आलेख यंत्रातून बाहेर आला. खड्डा डाव्या कानात होता आणि मर्यादेच्या पलीकडे गेला होता.

"नापास," ते म्हणाले. मी काही सांगायच्या आत त्यांना कळलं होतं.

"थकलेला कान आहे. हा निकाल मी शेवटचा धरत नाही. आज उडू नका. उद्या सकाळी पुन्हा घेऊ. माझी सही त्यावर होईल."

"सकाळच्यावर का नाही? लाल-निळ्याचं कोडं सुटलं ना?"

"सकाळच्या माणसानं बटण डाव्या हातानं दाबलं."

"नक्की?"

"मला तसं आठवतं."

"तसं आठवतं." ते शब्द त्यांनी सावकाश उच्चारले. "विमानात असं म्हणणाऱ्याला मी खाली उतरवतो मॅडम."

ते बरोबर होतं. हात मी पाहिला होता, पण त्या क्षणी त्याला काही अर्थ नव्हता, म्हणून मी तो टिपून ठेवला नव्हता.

निकम दारात उभे होते. मी त्यांना म्हणाले, "आपणही बसता का? दहा मिनिटांचं काम आहे."

"माझी मुदत ऑगस्टमध्ये आहे. मी मुंबईला करून घेतो."

"मुदतीसाठी नाही. फक्त तुलनेसाठी."

"तुलना कशाशी?" निकम म्हणाले. "मॅडम, तुम्ही कान तपासायला आलात. तेवढंच तपासा."

ते गेले. आठल्ये त्यांच्या पाठीकडे पाहत राहिले. मला वाटलं ते हाक मारतील. त्यांनी हाक मारली नाही. नसलेल्या गुन्ह्यात सहकाऱ्याला ओढायचं नाही म्हणून, की असलेल्या गुन्ह्यात, हे मला त्यांच्या चेहऱ्यावरून कळलं नाही.

मी बरणीतल्या दोन गोळ्या घेतल्या. रात्रभर कान शांत राहायला हवेत, आणि माळावर दुसरी विमानं दिवसभर उडणार होती. त्यांनी गोळी कानाच्या तोंडाशी नुसती टेकवली, जवळजवळ सगळेच तसं करतात. मी स्वतःवर करून दाखवलं: बोटांत वळून बारीक करायची, दुसरा हात डोक्यावरून नेऊन कानाची पाळी वर-मागे ओढायची, गोळी आत सरकवायची आणि ती फुगेपर्यंत बोटानं धरून ठेवायची. त्यांनी तसं केलं. बाहेर एक विमान धावपट्टीवरून निघालं होतं. त्यांनी त्याच्याकडे पाहिलं आणि त्यांचा चेहरा बदलला.

"पळतंय, पण आवाज नाही," ते म्हणाले. गोळ्यांमुळे त्यांना स्वतःचाच आवाज कवटीत घुमून मोठा वाटत असणार, कारण ते पहिल्यांदाच हळू बोलले. "हे इतकं शांत असतं?"

मी मान हलवली.

थोड्या वेळानं ते म्हणाले, "शांत नाही. आत शिट्टी वाजतेय. बारीक."

मी बोटानं विचारलं, कोणत्या कानात? त्यांनी डाव्या कानाला हात लावला. कधीपासून, ते मी कागदावर लिहून पुढे धरलं. त्यांनी वाचलं. कागद घडी करून खिशात ठेवला आणि गाडीकडे चालू लागले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी खोकं तयार करून बसले. कॅप्टन आठल्ये आले नाहीत.

"सर साताऱ्याला गेले," बागल म्हणाले. "घरी."

"परत कधी येणार?"

"किल्ल्या देऊन गेले मॅडम." ते माझ्याकडे न बघता बोलत होते. "तुम्ही काल सही केली असती तर काय झालं असतं?"

"ते वर असताना एखाद्या पोराचा श्वास बदलला असता आणि त्यांना कळलं नसतं."

"त्यांना कळायचं," बागल म्हणाले. "कान नसता तरी कळलं असतं."

मी अहवालात दोन वाक्यं लिहिली. पहिली चाचणी: व्यक्तीची खात्री नाही. दुसरी चाचणी: उड्डाणानंतर लगेच घेतलेली, फेरचाचणी बाकी. नियमानुसार फेरचाचणी होईपर्यंत उड्डाण बंद. ती कॅप्टन आठल्यांनी दिली नाही, आमच्याकडे नाही आणि माझ्या माहितीप्रमाणे दुसरीकडेही नाही. ते पुन्हा उडाले नाहीत. विद्यार्थ्यांची ती तुकडी दुसऱ्या शाळेत गेली. वर्षभरानं निकम वाघजाई माळावरच्या शाळेचे मुख्य प्रशिक्षक झाले.

आठल्यांचा फोन मला एकदा आला. कोणतं श्रवणयंत्र घ्यावं, ते विचारायला. मी दोन नावं सांगितली, कानाच्या आत बसणाऱ्या यंत्रापेक्षा कानामागचं बरं पडेल म्हणाले. त्यांनी लिहून घेतलं. शेवटी मी विचारलं, "सर, त्या सकाळी खोक्यात तुम्हीच होता का?"

"मी हो म्हटलं तर मानाल?"

मी लगेच उत्तर दिलं नाही. लाल ठिपका मला एक सांगत होता आणि अंगठा दुसरं. पलीकडून फोन ठेवल्याचा आवाज आला.

आज त्या शाळेत दोन्ही कान झाकल्याशिवाय विमानात बसता येत नाही, हेडफोनच्या आत गोळ्या घालाव्या लागतात, आणि बरणी दर दोन महिन्यांनी रिकामी होते. तो नियम निकमांनी केला. तिथल्या सगळ्यांचे वार्षिक आलेख सल्ल्यासाठी माझ्याकडे येतात. निकम त्यांची चाचणी मुंबईतच करून घेतात आणि त्यांचे कागद आजवर कधी माझ्याकडे आले नव्हते. यंदा नव्या कारकुनानं सगळ्यांच्या कागदांबरोबर त्यांचाही पाठवला. तो गेल्या मंगळवारी मला मिळाला.

डावा कान स्वच्छ आहे. उजव्या कानात खड्डा आहे, मर्यादेच्या आत.

मी त्या मुंबईच्या केंद्राला एकच प्रश्न विचारला आहे: हेडफोन तुमच्या तंत्रज्ञानं चढवला होता की कॅप्टन निकमांनी स्वतः? निकमांनी स्वतः चढवला असेल तर त्यांच्याही हातानं लाल डावीकडे गेला असू शकेल, आणि या आलेखावरून काहीच ठरत नाही. तंत्रज्ञानं चढवला असेल तर उजवा कान खराब असलेला माणूस त्या सकाळी माळावर होता.

काल दुपारी मी पुन्हा फोन केला. त्या दिवशी चाचणी घेणारी मुलगी रजेवर आहे, असं कळलं. ती सोमवारी येणार आहे.